कॅमेऱ्याच्या पुढचे दोन किलोमीटर

मुंबई-पुणे द्रुतगती मार्गावर नेहमी ये-जा करणाऱ्याला वेग मोजणारे कॅमेरे कुठे आहेत ते पाठ असते. ज्याला पाठ नसते त्याला मोबाइलमधला नकाशा आधीच सूचना देतो. खांब दिसू लागला की ब्रेक लागतात, सगळ्या गाड्या एकदम शहाण्यासारख्या शंभरच्या आत येतात आणि खांब मागे पडला की दोन किलोमीटरांत काटा पुन्हा एकशे वीस-तीसवर. साध्या महामार्गावर हेच काम समोरून येणारे करतात. दोनदा डिपर मारला, की पुढे मामा स्पीडगन घेऊन उभे आहेत असे समजायचे. ओळखदेख नसलेल्या माणसांची इतकी एकजूट आपल्याकडे फार थोड्या कामांत दिसते. या सगळ्यात वेगमर्यादा पाळली जाते ती काही शे मीटरपुरती. तरीही अतिवेगाची चर्चा निघाली की ती दंडाच्या आकड्याभोवती फिरते: दोन हजार पुरेसे आहेत की पाच हजार करावेत, गरिबाला झेपतात का, श्रीमंताला टोचतात का. मला हा वाद चुकीच्या जागी चाललेला वाटतो. दंड किती आहे यापेक्षा तो होणारच याची खात्री किती आहे, यावर माणसाचा पाय हलतो. ती खात्री सध्या खांबापाशी आहे, रस्त्यावर नाही.

आधी वेगाचेच गणित पाहू, कारण 'वीसने काय फरक पडतो' हा प्रश्न बहुतेकांच्या मनात असतो. धोका दिसल्यापासून पाय ब्रेकवर पडेपर्यंत साधारण दीड सेकंद जातो असे धरू. रस्ता कोरडा आहे, टायर चांगले आहेत. ताशी 80 किलोमीटरने चाललेली मोटार त्या दीड सेकंदातच 33 मीटर पुढे सरकते आणि ब्रेक लागल्यावर आणखी 35 मीटरांत थांबते. शेजारच्या लेनमध्ये ताशी 100 ने दुसरी मोटार चालली आहे. दोघींच्या चालकांना एकाच क्षणी, तेवढ्याच अंतरावर, रस्ता अडवून आडवा पडलेला कंटेनर दिसतो. पहिली मोटार त्याच्या पुढ्यात जेमतेम थांबते. दुसरी त्याच जागी पोहोचते तेव्हा तिचा वेग अजून ताशी 70 च्या आसपास असतो. वीसचा फरक सत्तरच्या धडकेत बदलतो, कारण गाडीतली गतिज ऊर्जा वेगाच्या वर्गाने वाढते आणि ब्रेक ती ठरावीक दरानेच खाऊ शकतात. या वीसच्या मोबदल्यात मिळते काय? द्रुतगती मार्ग साडेचौऱ्याण्णव किलोमीटरांचा आहे. 100 ऐवजी 120 ने गेले तर सगळा रस्ता मोकळा मिळूनही साडेनऊ मिनिटे वाचतात, आणि ती फूडमॉलवरच्या वडापावच्या रांगेत जातात. स्वीडनचे संशोधक योरान निल्सन यांनी वेगमर्यादा बदललेल्या रस्त्यांच्या अभ्यासातून जे सूत्र मांडले ते आज जागतिक आरोग्य संघटनाही वापरते: रस्त्यावरचा सरासरी वेग एक टक्क्याने वाढला, तर प्राणघातक अपघात सुमारे चार टक्क्यांनी वाढतात. हे सूत्र एकट्यादुकट्या बेफाम चालकाबद्दल बोलत नाही. सगळ्यांनी मिळून थोडा थोडा वाढवलेला वेगही माणसे मारतो, असे ते सांगते.

आपल्याकडची आकडेवारी याहून ठसठशीत दिसते, पण ती जपून वापरायला हवी. केंद्रीय रस्ते वाहतूक मंत्रालयाच्या अहवालानुसार 2022 मध्ये देशात 4,61,312 अपघात झाले आणि 1,68,491 माणसे गेली; त्यांतली 15,224 महाराष्ट्रातली. मृत्यूंपैकी 71 टक्के अतिवेगाच्या खात्यावर टाकलेले आहेत. हा टक्का भाषणांत सर्रास येतो. तो कुठून येतो हे समजायला अपघाताची कोणतीही फिर्याद उघडून बघावी. 'ताब्यातील वाहन हयगयीने, अविचाराने व भरधाव वेगात चालवून' हे शब्द तिथे जवळपास ठरलेलेच असतात, कारण पूर्वीचे कलम 279 किंवा आता भारतीय न्याय संहितेतले 281 लावायला असेच काही लिहावे लागते. वेग प्रत्यक्षात कोणी मोजलेला नसतो. अंधारात दिवे न लावता उभा केलेला ट्रॅक्टर, दुभाजकाचा रंग उडालेला कोपरा, सोळा तास जागा असलेला चालक, हे सारे त्या 'भरधाव' या एका शब्दात मिटून जाते. म्हणून 71 टक्क्यांवर मी माझा युक्तिवाद उभा करणार नाही. भौतिकशास्त्र आणि निल्सन यांचे सूत्र तेवढ्यासाठी पुरेसे आहेत. त्याच अहवालातली दुसरी एक गोष्ट मात्र मला जास्त विश्वासार्ह वाटते, कारण ती नोंदवायला कोणाच्या मताची गरज लागत नाही: मरण पावलेल्यांत सुमारे 44 टक्के दुचाकीवरचे आणि 19 टक्क्यांहून अधिक पायी चालणारे होते. एअरबॅगचे संरक्षण नसलेली ही माणसे.

आता दंडाकडे. 1988 च्या मोटार वाहन कायद्यात अतिवेगाचा दंड 400 रुपयांपर्यंत होता. 2019 च्या दुरुस्तीने तो हलक्या वाहनांना 1,000 ते 2,000 आणि मध्यम व अवजड वाहनांना 2,000 ते 4,000 झाला. दुसऱ्यांदा सापडल्यास परवाना जप्त होऊ शकतो. केंद्राने 1 सप्टेंबर 2019 पासून हे दर आणले. महाराष्ट्रात विधानसभेची निवडणूक तोंडावर होती, नाराजी नको म्हणून वाढ लांबणीवर पडली आणि अखेर डिसेंबर 2021 मध्ये लागू झाली. देशभरात दंड असा पाचपट झाल्यावर काय झाले? 2019 मध्ये रस्त्यांवर दीड लाखाच्या थोडे वर मृत्यू झाले होते, टाळेबंदीच्या वर्षात ते घटले आणि 2022 मध्ये 1,68,491 वर गेले. गाड्याही वाढल्या, रस्तेही वाढले, त्यामुळे वाढलेल्या दंडाचा काहीच उपयोग झाला नाही असे यातून सिद्ध होत नाही. पण आकडा पाचपट केल्याने दिसायला हवा होता तसा फरक दिसलेला नाही, एवढे म्हणता येते. याचे कारण साध्या हिशेबात आहे. समजा, मर्यादा ओलांडणाऱ्या दोनशे फेऱ्यांमागे एकदा चलन येते आणि ते दोन हजारांचे असते. म्हणजे दर फेरीला वेगाची किंमत पडली दहा रुपये. दंड दुप्पट केला तर वीस. टोलच्या पावतीपुढे कोणी ही रक्कम मोजतही नाही. उलट दंड पाचशेच ठेवला, पण दोन फेऱ्यांमागे एकदा हमखास येणार असे केले, तर दर फेरीची किंमत अडीचशे होते आणि पगारदार माणूस आपोआप शंभरवर येतो. शिक्षेच्या कडकपणापेक्षा तिची निश्चिती गुन्हा रोखते हे इटलीच्या चेझारे बेक्कारियाने 1764 मध्ये लिहून ठेवले. आपले कायदेमंडळ मात्र अडीचशे वर्षांनंतरही कडकपणाच निवडते, कारण कडकपणाला अधिसूचना पुरते आणि निश्चितीला यंत्रणा, माणसे, देखभाल आणि चिकाटी लागते.

ही खात्री कशी आणायची याचे उत्तर आता आपल्या दारात आले आहे. द्रुतगती मार्गावर 2024 च्या जुलैपासून जी बुद्धिमान वाहतूक व्यवस्था सुरू झाली, तिच्यात एका जागचा वेग टिपण्याबरोबर दोन कमानींमधला सरासरी वेगही काढता येतो. पहिल्या कमानीवरचा कॅमेरा पाटीवरचा क्रमांक वाचून वेळ नोंदवतो, पुढच्या कमानीवरचा तेच करतो. मधले अंतर दहा किलोमीटर असेल आणि मर्यादा 100 असेल, तर कुठल्याही गाडीला किमान सहा मिनिटे लागायलाच हवीत. पाच मिनिटांत पोहोचली तर तिचा सरासरी वेग 120 होता, यावर वाद घालण्यासारखे काही उरत नाही. खांबापाशी ब्रेक मारून काही साधत नाही, नकाशाच्या सूचनेचाही उपयोग नाही. चालकाच्या दृष्टीनेही ही पद्धत जास्त न्याय्य आहे. ट्रकला ओलांडताना क्षणभर 108 ला गेलेला माणूस एका जागच्या कॅमेऱ्यात सापडतो. सरासरीत तो सुटतो, आणि सुटावाच. पकडला जातो तो सलग दहा किलोमीटर दामटणारा. पळवाट राहतेच म्हणा: दोन कमानींमध्ये फूडमॉल असला तर आधी एकशे चाळीसने यायचे आणि मग निवांत चहा घेत सरासरी उतरवायची. पण तेवढ्यासाठी चहा पिणारा आपली साडेनऊ मिनिटे स्वतःच परत करतो, हेही आलेच. नेदरलँड्स, ब्रिटन, ऑस्ट्रिया या देशांत ही पद्धत वीस वर्षांहून अधिक काळ चालू आहे, स्कॉटलंडच्या ए-9 महामार्गावर 2014 पासून. एका जागच्या कॅमेऱ्याचा धाक त्याच्या आजूबाजूलाच असतो. इथे धाक सगळ्या पट्ट्यावर पसरतो आणि गाड्यांच्या वेगातला आपसातला फरकही कमी होतो. मागून ठोकण्याचे कितीतरी अपघात या फरकातून होतात.

यावर पहिला आक्षेप असा येतो की वेगाला कशाला झोडपता, आपले रस्ते नीट करा. या आक्षेपात दम आहे. 2016 मध्ये द्रुतगती मार्गावर 151 माणसे गेली. त्यानंतर रस्ते विकास महामंडळ, महामार्ग पोलीस आणि सेव्हलाइफ फाउंडेशन यांनी मिळून शून्य मृत्यूचा प्रकल्प हाती घेतला. प्रत्येक अपघाताची जागा जाऊन पाहिली गेली, उघडे कठडे झाकले, रोधक बसवले, खुणा रंगवल्या, कडेला उभ्या राहणाऱ्या अवजड गाड्या हटवल्या, रुग्णवाहिका लवकर पोहोचेल अशी सोय केली. पुढच्या काही वर्षांत मृत्यू निम्म्याहून खाली आले. म्हणजे नुसत्या रस्त्याच्या दुरुस्तीनेही माणसे वाचतात. पण या प्रकल्पात गस्त आणि वेगावरची कारवाईही होती, आणि चांगला रस्ता वेगाचा प्रश्न सोडवतो असे मानायला आधार नाही. बरेचदा तो प्रश्न वाढवतो. समृद्धी महामार्गाची आखणी ताशी 150 च्या हिशेबाने झाली, मोटारींना मर्यादा 120 आहे. आखणीचा वेग वळणाची त्रिज्या आणि दृष्टीचे अंतर यांच्याबद्दल बोलतो. गुळगुळीत झालेल्या टायरबद्दल, पहाटे तीनला मिटणाऱ्या डोळ्यांबद्दल तो काही सांगत नाही. 1 जुलै 2023 च्या पहाटे सिंदखेडराजाजवळ खासगी बस उलटून पेटली आणि 25 प्रवासी गेले, तेव्हा रस्त्यात खड्डा नव्हता. खड्ड्यांच्या रस्त्याने निदान चालकाला जागे ठेवले असते, असे कोणी कडवटपणे म्हटले तर त्याला दोष देता येणार नाही.

जर्मनीचा दाखला हमखास दिला जातो: ऑटोबानवर मर्यादा नाही, तरी लोक मरत नाहीत. ऑटोबानच्या मोठ्या भागावर कायमची मर्यादा नाही हे खरे. 130 ची शिफारस आहे. पण त्याच देशात गावात शिरताच 50 ची मर्यादा लागते आणि ती मोडणारा सुटत नाही. ओव्हरटेकच्या लेनमध्ये ठाण मांडून बसलेला ट्रक, उलट्या दिशेने येणारी मोटारसायकल, दुभाजक ओलांडणारी म्हैस हे तिथे नाही. आपल्याला ऑटोबानचा वेग हवा असतो, त्याची लेनची शिस्त कोणी मागत नाही.

तिसरा आक्षेप मला सगळ्यांत गंभीर वाटतो: मर्यादाच मनमानी असतात. कुठल्या तरी जुन्या कामाच्या वेळी लावलेला '20' चा फलक काम संपून वर्षे झाली तरी तसाच उभा असतो. सहापदरी रस्त्यावर एकाएकी 40 येते आणि पुढे ती कुठे संपली ते कळत नाही. बोरघाटात अवजड वाहनांना घातलेल्या ताशी 40 च्या मर्यादेवर वाहतूकदारांनी जोरदार हरकत घेतली. 2025 च्या जुलैत राज्यातले ट्रक आणि बसमालक ई-चलनांविरुद्ध संपावर गेले, तेव्हा तक्रारींत दंडाच्या रकमेबरोबर असल्या मर्यादाही होत्या आणि पोलिसांनी खासगी मोबाइलवर काढलेले फोटोही. घाटाच्या उतारावर भरलेल्या ट्रकला 40 योग्य की 45, हे ठरवायचे काम अभियंत्याचे, आणि उतारावर ब्रेक तापून निकामी झालेले ट्रक ज्याने पाहिले आहेत तो 40 ला हसणार नाही. पण जी मर्यादा वाजवी आहे ती वाजवी का आहे हे चालकाला दिसले पाहिजे. रस्ते अभियांत्रिकीत एक जुना ठोकताळा आहे: मोकळ्या रस्त्यावर शंभरांतले पंच्याऐंशी चालक ज्या वेगाच्या आत आपणहून राहतात, तो मर्यादा ठरवताना आधाराला घ्यावा. तो डोळे झाकून पाळावा असे नाही, कारण शाळेसमोर पंच्याऐंशी जणांची समजूतही चुकू शकते. मात्र पंच्याऐंशी जण गुन्हेगार ठरतील अशी मर्यादा लावून तिथे कॅमेरा बसवला, तर कायदा हास्यास्पद होतो. फ्रान्सने 2003 पासून स्वयंचलित कॅमेरे बसवले. 2002 मध्ये सात हजारांवर असलेले रस्त्यावरचे मृत्यू 2007 पर्यंत पाच हजारांच्या आत आले, आणि त्या घटीचे बरेच श्रेय कॅमेऱ्यांना दिले जाते. त्याच फ्रान्सने 2018 मध्ये दुभाजक नसलेल्या ग्रामीण रस्त्यांवरची मर्यादा 90 वरून 80 केली. ग्रामीण लोकांना ती पॅरिसने लादल्यासारखी वाटली, आणि पिवळ्या जाकिटांच्या आंदोलनात देशातले निम्म्याहून अधिक कॅमेरे रंगवले, जाळले किंवा झाकले गेले. यंत्र तेच, देश तोच. लोकांची संमती गेली आणि खात्रीही गेली.

राहिला 'ही सगळी लूट आहे' हा सूर. आकडे बघितले तर ही लूट फार नालायक दिसते. महाराष्ट्रात ई-चलनांची थकबाकी हजार कोटींच्या कितीतरी पुढे गेलेली आहे. कारवाईचा मोबाइल संदेश येतो, लोक तो मिटवतात आणि लोकअदालतीची वाट बघतात. तिथे तडजोड होते हे सगळ्यांना ठाऊक झाले आहे. कर्नाटकने फेब्रुवारी 2023 मध्ये थकीत चलनांवर निम्मी सूट दिली, तेव्हा बंगळुरूत काही दिवसांत शंभर कोटींहून अधिक जमा झाले आणि ते यश म्हणून मिरवले गेले. तेलंगणने 2022 मध्ये आणि पुन्हा 2023 च्या अखेरीस याहून मोठ्या सवलती दिल्या. तिजोरीच्या दृष्टीने ठीक. पण ज्याने चलन आल्याबरोबर पूर्ण रक्कम भरली तो यात मूर्ख ठरला, आणि ज्याने थकवले त्याला धडा मिळाला की थांबावे. निश्चिती मारायचा याहून सोपा उपाय सापडणे कठीण. मला तर दंड कमी केलेला चालेल, सूट चालणार नाही. दुसऱ्या बाजूने सरकारनेही आपले नियम पाळावेत. केंद्रीय मोटार वाहन नियमांत 2021 मध्ये घातलेल्या 167-अ नुसार कॅमेऱ्याच्या आधी इशाऱ्याचा फलक हवा, यंत्राचे प्रमाणपत्र दर वर्षी नवे व्हायला हवे आणि नोटीस गुन्ह्यापासून पंधरा दिवसांत निघायला हवी. तीन महिन्यांनी पाचसहा चलने एकदम हाती पडली, तर पहिल्या चलनाने पाच चुका थांबवायला हव्या होत्या त्या थांबत नाहीत आणि माणसाला फक्त फसवल्यासारखे वाटते. चलनावर दोन्ही कमानींवरच्या वेळा आणि यंत्राच्या प्रमाणपत्राचा क्रमांक छापला, तर निम्म्या तक्रारी तिथेच मिटतील.

शेवटी एक कलम, जे मला या सगळ्यात जास्त उपयोगी वाटते आणि ज्याची आठवण क्वचितच निघते. अतिवेगाचा दंड सांगणारे 183 वे कलम चालकापाशी थांबत नाही. नोकराला मर्यादा मोडून गाडी चालवायला लावणारा मालकही त्यात येतो. इतकेच नाही: मर्यादा मोडल्याखेरीज पुरा होऊच शकत नाही असा प्रवास ठरावीक वेळेत करण्याचे वेळापत्रक ज्याने प्रसिद्ध केले, किंवा तसा हुकूम ज्याने दिला, त्याने गुन्हा केल्याचा ते वेळापत्रकच प्रथमदर्शनी पुरावा मानावा, अशी तरतूद कायद्यात आहे. आज चलन येते गाडीच्या नावावर, आणि पुष्कळ ठिकाणी मालक ते चालकाच्या पगारातून कापतो. त्याला उशीर झाला तर ओरडणाराही तोच असतो. रात्रीच्या खासगी बसला जेवणाचा थांबा, डिझेल आणि टोल धरून अमुक तासांत नागपूर गाठायला सांगणारा माणूस कॅमेऱ्यात कधी दिसत नाही. आता कमानींवर प्रत्येक गाडीची येण्याजाण्याची वेळ नोंदली जाते. एकाच कंपनीच्या सगळ्या बस महिनाभर त्याच पट्ट्यावर 80 च्या मर्यादेपेक्षा जास्त सरासरीने जात असतील, तर तो चालकांच्या स्वभावाचा योगायोग असणे कठीण. तिकिटाच्या संकेतस्थळावर जाहीर केलेली पोहोचण्याची वेळ आणि कमानींवरच्या नोंदी शेजारी शेजारी मांडायला परिवहन कार्यालयातल्या एका कारकुनाला अर्धा दिवस पुरेल.